विजेवरच्या शर्यतींचं टीव्ही निवेदन: या कामात शिरायचं कसं आणि टिकायचं कसं

तुमचा प्रश्न थोडक्यात असा: विज्ञानाची पदवी आहे, बातम्यांच्या वाहिनीवर काही काळ निवेदन केलं आहे, शर्यतीची गाडी कधी चालवलेली नाही, आणि फॉर्म्युला ईसारख्या विजेवर चालणाऱ्या गाड्यांच्या शर्यतींचं टीव्ही निवेदन करायची इच्छा आहे. सुरुवात कुठून करायची, रोजचं काम कसं असतं, आणि त्यावर कायम पोट भरता येतं का?

मी पिट लेनमधून, म्हणजे ट्रॅकशेजारच्या संघांच्या गॅरेजांसमोरच्या गल्लीतून, वार्तांकन आणि स्टुडिओतून निवेदन, दोन्ही बरेच मोसम केलं आहे, त्यामुळे उत्तर लांबणार आहे. पहिली गोष्ट आधी सांगते. गाडी न चालवलेल्या माणसाला या क्षेत्रात नक्की जागा आहे. ऊर्जेचं गणित डोक्यात पक्कं नसलेल्या माणसाला मात्र पहिल्याच शर्यतीत घाम फुटतो. तुमची विज्ञानाची पदवी इथे कामाला येईल, फक्त ती बोलण्यात दिसता कामा नये.

टीव्हीवर आपल्याला चार-पाच चेहरे आणि आवाज दिसतात, ऐकू येतात, पण त्यांची कामं अगदी वेगळी असतात. कार्यक्रम उघडणारा आणि बंद करणारा मुख्य अँकर हा बहुतेक वेळा टीव्हीचा माणूस असतो. फॉर्म्युला ईने काही मोसम वर्नन के या मनोरंजनाच्या कार्यक्रमांतून आलेल्या ब्रिटिश निवेदकाला तिथे बसवलं होतं, कारण शर्यतीचा गंध नसलेला प्रेक्षक त्याला ओळखत होता. समालोचकांची जोडी असते, त्यातला एक घटनाक्रम सांगतो आणि दुसरा कारणं सांगतो. कारणं सांगणारा जवळजवळ नेहमीच माजी ड्रायव्हर असतो. इंडियानापोलिस 500 ही अमेरिकेतली नावाजलेली शर्यत तीनदा जिंकलेला डारियो फ्रँकिटी फॉर्म्युला ईच्या प्रसारणात कित्येक मोसम हेच करत होता. पहिल्या मोसमात महिंद्राची गाडी चालवणारा करुण चंढोकही पुढे टीव्ही विश्लेषणात स्थिरावला. आणि तिसरं काम पिट लेन वार्ताहराचं. निकी शील्ड्स 2014 च्या पहिल्या मोसमापासून या कामात दिसू लागली. तिने त्याच्या जोडीला सीएनएनवर ‘सुपरचार्ज्ड’ हा फॉर्म्युला ईवरचा मासिकवजा कार्यक्रमही केला. तुमच्यासारख्या पार्श्वभूमीच्या माणसाने पिट लेनचं दार ठोठवावं असं माझं स्पष्ट मत आहे. मुख्य अँकरच्या खुर्चीसाठी ओळखीचा चेहरा लागतो, समालोचनासाठी वेगळाच रियाज लागतो. पिट लेनमध्ये मात्र चांगले प्रश्न विचारणारा माणूस हवा असतो, आणि तशी माणसं कायम कमी पडतात.

आता ऊर्जेचं गणित. यावर मी जास्त वेळ घालवणार आहे, कारण माझ्या मते या व्यवसायातला खरा फरक इथेच पडतो.

पेट्रोलच्या शर्यतीत बरंचसं डोळ्यांना दिसतं. टायर झिजतात, गाडी पिटमध्ये येते, धूर निघतो. विजेवरच्या शर्यतीत निकाल ठरवणारी गोष्ट बॅटरीत असते आणि ती पडद्याच्या कोपऱ्यात एका टक्केवारीच्या रूपात उरते. एका गाडीची 31 टक्के, दुसरीची 29. घरी बसलेल्या माणसाला या दोन टक्क्यांत शर्यत जिंकली किंवा हरली जाऊ शकते हे कोणी सांगितल्याशिवाय कळत नाही. ते सांगणं हे तुमचं काम.

म्हणून किलोवॅट आणि किलोवॅट-तास यांची कधीही गल्लत करू नका. पहिला आकडा ऊर्जा किती वेगाने वापरली जातेय ते सांगतो, दुसरा एकूण किती ऊर्जा आहे ते. साधा हिशेब करून बघा. 2023 च्या मोसमापासून आलेल्या तिसऱ्या पिढीच्या गाडीला शर्यतीत एरवी 300 किलोवॅटपर्यंत शक्ती वापरता येते, आणि तिच्याकडे वापरण्याजोगी ऊर्जा 38.5 किलोवॅट-तास असते. कोणी ॲक्सिलरेटर सलग दाबूनच ठेवला तर ही ऊर्जा आठ मिनिटांच्या आत संपेल. शर्यत मात्र पाऊण तासाच्या आसपास चालते. मधलं अंतर भरून कसं निघतं? काही भाग वळणांवर शक्ती कमी लागते म्हणून वाचतो. काही भाग ब्रेक लावताना परत मिळतो. या गाडीत पुढच्या आणि मागच्या मोटर मिळून 600 किलोवॅटपर्यंत वेगाने ऊर्जा परत घेता येते, आणि शर्यतीत वापरल्या जाणाऱ्या ऊर्जेचा सुमारे 40 टक्के भाग असा परत मिळतो असं आयोजक सांगतात. उरलेलं ड्रायव्हरने वाचवायचं असतं, वळणाच्या बरंच आधी पाय उचलून आणि गाडी नुसती वाहत ठेवून. एवढं एकदा समजलं की शर्यत वेगळीच दिसायला लागते. पुढे जाणारा ड्रायव्हर चांगला चालवतोय की उधळतोय, हा प्रश्न तुम्हाला दर फेरीला पडायला लागतो, आणि तोच प्रेक्षकाच्याही मनात पेरायचा असतो.

यातून विजेवरच्या शर्यतीतली सर्वांत गोंधळात टाकणारी गोष्ट निघते: सुरुवातीला कोणालाच पुढे राहायचं नसतं. पुढची गाडी हवा कापते, मागच्याला आडोसा मिळतो, त्याची ऊर्जा वाचते. सायकलच्या शर्यतीत घोळका असाच एकमेकांच्या आडोशाने चालतो. 2023 मध्ये पोर्टलंडला हे टोकाला गेलं होतं. आघाडी सतत हात बदलत होती आणि शेवटी निक कॅसिडी दहाव्या क्रमांकावरून सुरुवात करून जिंकला. अशा दिवशी नवा वार्ताहर प्रत्येक ओव्हरटेकला ‘जबरदस्त’ म्हणत सुटतो आणि दहा मिनिटांत प्रेक्षक थकतो. मुरलेला वार्ताहर एखाद्या संघाच्या इंजिनिअरला गाठून विचारतो, तुमचा माणूस आत्ता पुढे आहे, हे तुम्हाला हवं होतं का? त्या उत्तरातून प्रेक्षकाला शर्यत पाहण्याची किल्ली मिळते.

दोन जुन्या शर्यती मी प्रत्येक नवशिक्याला पुन्हा पुन्हा पाहायला लावते. पहिली मेक्सिको सिटी, फेब्रुवारी 2019. महिंद्राचा पास्कल वेरलाइन शेवटच्या फेरीत आघाडीवर होता, त्याची ऊर्जा अंतिम रेषेच्या अगदी तोंडाशी संपली आणि लुकास डी ग्रासीने काही मीटर उरलेले असताना त्याला गाठलं. ती शर्यत आवाज बंद करून पाहा, फक्त ऊर्जेची टक्केवारी आणि गाड्यांमधलं अंतर बघत जा, आणि शेवट असा होऊ शकतो हे तुम्ही कोणत्या फेरीला बोलला असता ते लिहून काढा. दुसरी वॅलेन्सिया, एप्रिल 2021. त्या वेळी शर्यत 45 मिनिटं अधिक एक फेरी अशी असायची. अपघातानंतर सगळ्यांचा वेग कमी करायला पुढे धावणारी सेफ्टी कार आली की जितकी मिनिटं गाड्या तिच्या मागे सावकाश चालल्या त्या हिशेबाने प्रत्येकाची वापरायची ऊर्जा कमी केली जायची. त्या पावसाळी दिवशी सेफ्टी कार पुन्हा पुन्हा आली. शेवटी आघाडीवरचा अँटोनियो फेलिक्स दा कोस्टा वेळ संपायला काही सेकंद बाकी असतानाच रेषा ओलांडून गेला आणि त्यामुळे सगळ्यांना एक फेरी जास्तीची चालवावी लागली. बहुतेकांकडे तेवढी ऊर्जाच नव्हती. गाड्या रेंगाळल्या, थांबल्या, काही नंतर बाद ठरल्या, आणि निक डी व्रीस जिंकला. जगभरच्या प्रेक्षकांना वाटलं की विजेच्या गाड्यांची चार्जिंग संपते. खरं तर नियम, घड्याळ आणि पाऊस यांची गाठ पडली होती. अशा वेळी दीड मिनिटात, न अडखळता, कोणाचीही बाजू न घेता काय झालं ते सांगता येणं ही या कामातली सर्वांत अवघड परीक्षा आहे. नियमपुस्तिका वाचलेली नसेल तर ते जमणार नाही. पुढे 2023 च्या मोसमापासून शर्यती ठरलेल्या फेऱ्यांच्या झाल्या, हेही माहीत असायला हवं, नाहीतर जुना नियम नव्या शर्यतीत सांगून बसाल.

नियम सारखे बदलतात, हा या खेळाचा स्वभावच आहे. 2014 मध्ये बीजिंगला पहिली शर्यत झाली तेव्हा बॅटरी 28 किलोवॅट-तासांची होती आणि ती पूर्ण शर्यत पुरत नव्हती, म्हणून ड्रायव्हर मध्येच पिटमध्ये येऊन दुसऱ्या गाडीत बसायचे. 2018 च्या अखेरीस दुसऱ्या पिढीची गाडी 54 किलोवॅट-तासांची बॅटरी घेऊन आली आणि गाडी बदलणं बंद झालं. त्याच मोसमात ॲटॅक मोड आला: ड्रायव्हरने नेहमीची रेषा सोडून ट्रॅकवरच्या आखलेल्या पट्ट्यावरून जायचं, थोडा वेळ गमवायचा आणि बदल्यात ठरलेली मिनिटं जास्तीची शक्ती मिळवायची. प्रेक्षकांच्या मतांवर शक्ती देणारा फॅनबूस्ट 2022 च्या मोसमानंतर गेला. त्याच 2022 पासून पात्रता फेरीत दोन-दोन ड्रायव्हरच्या बाद फेरीच्या लढती सुरू झाल्या. आणि फेब्रुवारी 2025 मध्ये जेद्दाहला पिट बूस्ट आला, म्हणजे शर्यत चालू असताना सुमारे 30 सेकंदांचं 600 किलोवॅटचं जलद चार्जिंग, ज्यातून दहा टक्के ऊर्जा मिळते. हा शेवटचा बदल आम्हा पिट वार्ताहरांसाठी मोठा होता. गाड्या बदलणं बंद झाल्यापासून शर्यतीदरम्यान पिट लेनमध्ये घडायचं फारसं काही उरलंच नव्हतं. आता ज्या शर्यतीत पिट बूस्ट असतो तिथे कोण केव्हा आत येणार यावर शर्यत फिरते. दरवर्षी मोसमाआधी क्रीडा आणि तांत्रिक नियम दोन्ही स्वतः वाचा. संघांच्या प्रसिद्धीपत्रकांतून नियम शिकू नका, त्यांना सोयीचं तेवढंच तिथे असतं.

दिवस कसा जातो तेही सांगते. विजेवरच्या शर्यती बऱ्याचदा शहरातल्या तात्पुरत्या ट्रॅकवर होतात आणि सराव, पात्रता फेरी आणि शर्यत बहुतेक एकाच दिवसात उरकतात. शर्यतींच्या इतर मालिकांत तीन दिवसांत पसरलेलं काम तुम्हाला बारा-चौदा तासांत करायचं असतं. सकाळी संघांच्या गॅरेजांतून फेरी, इंजिनिअरांशी कॅमेऱ्याशिवाय गप्पा, मग सराव, पात्रता, त्यानंतर जेमतेम जेवणापुरता वेळ, ग्रिडवरच्या, म्हणजे सुरुवातीला गाड्या रांगेत उभ्या असतात तिथल्या, मुलाखती, शर्यत, पोडियम, आणि ड्रायव्हर रांगेने येतात त्या मुलाखतींच्या कठड्यापाशी शेवटचा तास. सकाळच्या गप्पा कधीही चुकवू नका. तिथे मिळालेली माहिती संध्याकाळी शर्यतीच्या मध्यावर कामाला येते.

कानात टॉकबॅक असतो, म्हणजे डायरेक्टर आणि प्रोड्यूसरचा आवाज. तुम्ही बोलत असताना ते तुमच्याशीच बोलत असतात: वीस सेकंद, गुंडाळ, उजवीकडे बघ, वेरलाइन येतोय, त्याला घे. बातम्यांच्या थेट प्रक्षेपणात तुम्ही हे थोडंफार केलं असेल, त्यामुळे तुम्ही शून्यातून सुरू करत नाही. फरक इतकाच की बातमीत स्टुडिओ तुमच्यासाठी थांबतो, शर्यत थांबत नाही. तुमच्या सुंदर वाक्याच्या मध्यावर अपघात झाला तर वाक्य तिथेच सोडून समालोचकाकडे आवाज द्यायचा. अर्धवट सोडायला शिकणं मला स्वतःला पूर्ण वाक्य शिकण्यापेक्षा महत्त्वाचं वाटतं. डायरेक्टर ज्याला पुन्हा बोलावतो तो माणूस बहुतेक वेळा देखणा किंवा विनोदी नसतो. आखलेला कार्यक्रम कोलमडल्यावर ज्याच्याकडे कॅमेरा नेला तर काहीतरी खरं ऐकायला मिळेल, असा तो असतो.

आवाजाबद्दल एक गोष्ट. या गाड्यांचा आवाज साधारण 80 डेसिबलच्या आसपास असतो असं मानलं जातं, त्यामुळे ट्रॅकजवळ उभं राहूनही नीट मुलाखत घेता येते. निवेदकासाठी हे वरदान आहे. टायरांचं किंचाळणं, भिंतीला घासलेल्या गाडीचा आवाज, गर्दीचा श्वास, सगळं माइकमध्ये येतं, तेव्हा प्रत्येक रिकामी जागा बोलून भरू नका. पण पिट लेनमध्ये हाच धोका होतो. मागून येणारी गाडी स्वतःची वर्दी देत नाही. कॅमेऱ्याकडे बघून बोलत असताना पाय कुठे आहेत याचं भान ठेवा, आणि तुमच्या मागे लक्ष ठेवायला कॅमेरामनशी आधीच खुणा ठरवून घ्या. उच्च दाबाच्या विजेचा नियम तर जीवनमरणाचा: गाडीवरचा सुरक्षा दिवा हिरवा नसेल तर गाडीला बोटही लावायचं नाही, टेकायचं नाही, कोणी हात पुढे केला तरी नाही. हे प्रशिक्षण प्रत्येक मोसमाला पुन्हा घ्या, कोणी सक्ती केली नाही तरी.

मुलाखतींवर खूप लिहिता येईल, पण मुद्द्याचं तेवढंच. ‘कसं वाटतंय?’ या प्रश्नाला जगात एकच उत्तर आहे आणि ते सगळ्यांना पाठ आहे. ड्रायव्हर हेल्मेट काढतो तेव्हा त्याच्या डोक्यात शर्यतीतले दोन-तीन क्षण ताजे असतात. त्यातला एक तुम्ही नेमका ओळखला तर तो मोकळा बोलतो. फेब्रुवारी 2023 मध्ये हैदराबादला हुसेन सागराच्या काठी शर्यत झाली, तेव्हा जाँ-एरिक व्हेर्न शेवटच्या फेऱ्यांत कॅसिडीपेक्षा कमी ऊर्जा हातात असताना त्याला रोखून धरत जिंकला. त्याला ‘अभिनंदन, भारतात जिंकून कसं वाटतं’ असं विचारता येतं. किंवा असं: ‘मागच्याकडे जास्त ऊर्जा आहे हे तुम्हाला माहीत होतं; मग कुठल्या वळणावर वाचवलीत आणि कुठल्या वळणावर खर्च केलीत?’ दुसऱ्या प्रश्नाला माणूस हातवारे करून ट्रॅक समजावून सांगायला लागतो. त्याच शर्यतीत जॅग्वारच्या दोन गाड्या एकमेकांवर आदळून बाहेर गेल्या. सॅम बर्डची गाडी संघातल्याच मिच इव्हान्सवर गेली होती. अशा ड्रायव्हरसमोर माइक धरताना आवाज खाली घ्या, प्रश्न छोटा ठेवा, आणि उत्तरानंतर दोन सेकंद गप्प राहा. रागावलेला माणूस त्या दोन सेकंदांत जे बोलतो ते खरं असतं. मात्र त्याला जाणूनबुजून भडकवू नका. पुढच्या शर्यतीला तोच माणूस तुमच्यासमोर येणार असतो, आणि त्याने तुमच्यावर ठेवलेला विश्वास हीच तुमची पुंजी असते.

ड्रायव्हरइतकंच इंजिनिअरांना बोलतं करा. विजेवरच्या शर्यतीत सॉफ्टवेअर लिहिणारी माणसं निकाल ठरवतात आणि त्यांना कॅमेऱ्यासमोर बोलायची सवय नसते. त्यांना आधी कॅमेऱ्याशिवाय भेटा, एकच गोष्ट समजावून घ्या, आणि थेट प्रक्षेपणात तीच विचारा.

अपघाताच्या वेळी कठोर शिस्त लागते. जुलै 2023 मध्ये रोमला एका वेगवान, पुढचं न दिसणाऱ्या वळणावर एक गाडी फिरून उभी राहिली आणि मागून येणाऱ्या गाड्या तिच्यावर आणि एकमेकांवर आदळल्या. शर्यत लाल बावट्याने थांबली. अशा मिनिटांत पिट वार्ताहराकडे कॅमेरा येतो, कारण दाखवायला दुसरं काही नसतं. फक्त जे दिसलं आणि अधिकृतपणे कळलं तेवढंच बोला. संघाचा रेडिओ ऐकू आला असला तरी ड्रायव्हरच्या तब्येतीबद्दल अंदाज नको. त्याचे घरचे लोक हेच प्रक्षेपण बघत असतात.

आता जरा नाजूक विषय. या मालिकांचं मुख्य प्रक्षेपण बहुतेक वेळा मालिकाच तयार करवून घेते आणि वाहिन्यांना देते. म्हणजे तुमचं मानधन अंतिमतः ज्यांच्याबद्दल बोलायचं त्यांच्याकडूनच येतं. मग प्रामाणिक राहायचं कसं? माझं उत्तर असं की प्रेक्षकाच्या मनातला प्रश्न विचारायचाच, सभ्यपणे आणि तयारीने. 2020 च्या अखेरीस ऑडी आणि बीएमडब्ल्यू यांनी थोड्याच दिवसांच्या अंतराने बाहेर पडण्याचा निर्णय जाहीर केला, पुढे मर्सिडीजही 2022 मध्ये विजेतेपद जिंकून गेली. त्या काळात हा विषय टाळून कार्यक्रम केला असता तर पाहणाऱ्याने आमच्यावर पुन्हा विश्वास ठेवला नसता. पर्यावरणाचंही तसंच. ‘ही वीज येते कुठून?’ हा प्रश्न पहिल्या मोसमापासून विचारला जातो. तेव्हा गाड्या ग्लिसरीनवर चालणाऱ्या जनरेटरवर चार्ज व्हायच्या, आणि ही खरोखर चांगली सांगण्याजोगी गोष्ट होती. पण जगभर गाड्या आणि सामान हलवण्यातून होणारं उत्सर्जन हा या खेळाच्या हिशेबातला सर्वांत मोठा वाटा आहे, हेही त्याच वाक्यात सांगावं. मला या खेळावर मनापासून प्रेम आहे आणि म्हणूनच त्याची जाहिरात करायला मी निवेदक झाले नाही. करारात संपादकीय बाबींबद्दल काय लिहिलंय ते सही करण्याआधी नीट वाचा. एका निर्मितीसंस्थेने मला एकदा विशिष्ट विषय टाळण्याची अट लेखी घातली होती. मी ते काम घेतलं नाही आणि त्याचं आजही समाधान आहे.

सुरुवात करण्यासाठी फॉर्म्युला ईकडे अर्ज करून काही होत नाही. कार्टिंग, क्लब पातळीच्या शर्यती, विद्यार्थ्यांच्या विजेच्या गाड्यांच्या स्पर्धा इथे मैदानावरचा माइक धरायला माणसं लागतात. पैसे अगदी थोडे किंवा काहीच मिळत नाहीत, पण सलग सहा तास बोलायची सवय, नावं-क्रमांक लक्षात ठेवणं, पाऊस पडल्यावर वेळ काढणं हे तिथेच शिकता येतं. विद्यार्थ्यांच्या स्पर्धा मला विशेष आवडतात, कारण तिथे बॅटरी पॅक स्वतः बांधलेली मुलं तुम्हाला आनंदाने सगळं उघडून दाखवतात. शिवाय जागतिक मालिकांचं वेगवेगळ्या भाषांतलं समालोचन बऱ्याचदा ट्रॅकवर न जाता, पडद्यावर चित्र बघून केलं जातं. अशा ऑफ-ट्यूब कामांत नव्यांना संधी मिळते, आणि ती संधी छोटी समजू नका. दूरवरून चित्र बघून शर्यत वाचता आली तर ट्रॅकवर ती जास्त सोपी जाते.

शोरील, म्हणजे कामाचे नमुने दाखवणारी चित्रफीत, दोन मिनिटांची पुरे. त्यात संगीत, झगमग, स्वतःची छायाचित्रं नकोत. निवड करणारा प्रोड्यूसर तीन गोष्टी बघतो: कॅमेऱ्याकडे बघून एक अवघड गोष्ट सोप्या शब्दांत सांगता येते का, अनपेक्षित उत्तर आल्यावर दुसरा प्रश्न त्या उत्तरातून निघतो का, आणि गोंधळात चेहरा व आवाज शांत राहतो का. तेवढंच दाखवा. सगळ्यात पहिला तुकडा ऊर्जेबद्दलचा असावा, साठ सेकंदांत.

पोट भरतं का? भरतं, पण सरळ रेषेत नाही. जवळजवळ सगळे निवेदक शर्यतीमागे किंवा दिवसामागे मानधन घेणारे फ्रीलान्सर असतात. मोसमात साधारण डझनभर ठिकाणं, बाकीचे महिने दुसरं काम: परिषदांचं सूत्रसंचालन, गाडी कंपन्यांचे अनावरण कार्यक्रम, ऊर्जाविषयक माहितीपट, पॉडकास्ट. आणि मालिका येतात-जातात. विजेच्या मोटरसायकलींची मोटोई 2019 मध्ये सुरू झाली, 2023 मध्ये तिला जागतिक अजिंक्यपदाचा दर्जा मिळाला आणि 2025 च्या मोसमानंतर ती थांबवण्यात आली. एक्स्ट्रीम ई 2021 मध्ये वाळवंटातून सुरू झाली आणि पुढे तिने हायड्रोजनकडे मोर्चा वळवला. हैदराबादची 2024 ची शर्यत महिनाभर आधी रद्द झाली. मालिका टिकली तरी प्रक्षेपणाचे हक्क दुसऱ्या वाहिनीकडे जातात आणि नवी वाहिनी आपली माणसं आणते. म्हणून स्वतःला एका मालिकेचा चेहरा बनवण्यापेक्षा ‘बॅटरी, मोटर आणि शर्यत या तिन्हींवर समजेल असं बोलणारा माणूस’ अशी ओळख करा. ती ओळख मालिका बंद पडली तरी राहते.

स्त्रियांना या क्षेत्रात अजूनही एक जास्तीचा प्रश्न झेलावा लागतो, तो म्हणजे ‘तुम्हाला खरंच कळतं का?’ हा. तुम्ही पुरुष आहात की स्त्री हे तुमच्या पत्रावरून मला कळलं नाही. स्त्री असाल तर एवढंच सांगते की गॅरेजमध्ये हा प्रश्न आता फार कमी विचारला जातो, बाहेरून जास्त येतो, आणि गॅरेजमधल्या लोकांचं मत धरून चालावं.

शेवटी कराराचं थोडं, कारण नवे लोक इथेच फसतात. शर्यत रद्द झाली किंवा पुढे ढकलली गेली तर किती टक्के मानधन मिळणार, किती दिवस आधी कळवलं तर, हे लिहून घ्या. प्रवासाचे दिवस कामाचे दिवस म्हणून मोजले जातात का ते विचारा. तुमच्या चित्रफितींचा पुनर्वापर जाहिरातीत करायचा असेल तर त्याचे वेगळे पैसे असतात. विमा प्रवासापुरता आहे की पिट लेनमधल्या कामालाही लागू आहे ते लेखी घ्या. आणि त्याच मोसमात दुसऱ्या मालिकेसाठी काम करण्यावर बंदी असेल तर त्या बंदीचं मोल मानधनात दिसलं पाहिजे. नसेल तर ते कलम काढून टाकायला सांगा, बहुतेक वेळा ते काढलं जातं.